कॉम्प्युटरची खोली

परवा दुपारची गोष्ट. साडेतीन वर्षांचा नातू माझ्यासमोर जेवायला बसला होता. वरणभात कालवून मी घास पुढे केला, तर त्याने तोंड घट्ट मिटून घेतलं आणि नुसता हात पुढे केला. तळहात वर. बोलला काहीच नाही. काय हवंय ते मला कळलं. मी मोबाईल दिला, त्यावरचं गाणं सुरू झालं, तोंड उघडलं. वीस मिनिटांत ताट रिकामं!

ताट मोरीत ठेवताना लक्षात आलं, की त्या वीस मिनिटांत आम्ही दोघं एकमेकांशी एक शब्दही बोललो नव्हतो.

आता जरा मागचं सांगते. महिन्यापूर्वी त्याला डॉक्टरांकडे नेलं होतं. वयाच्या मानाने बोलणं कमी, दोन शब्दांच्या पुढे वाक्य जात नाही म्हणून. कान तपासले, ते ठीक निघाले. मग डॉक्टरांनी विचारलं, "मोबाईल किती वेळ बघतो?" मुलगा आणि सून एकमेकांकडे बघायला लागले. मी खाली फरशीकडे बघत होते. कारण ती दोघं सकाळच्या लोकलने विठ्ठलवाडीहून निघतात ती दिवेलागणीनंतर परततात. दिवसभर मोबाईल देणारी मीच. पस्तीस वर्षं मुलांना शिकवलेली बाई!

तेव्हापासून डोक्यात एकच विषय आहे. मुलं आणि कॉम्प्युटर ही जोडी आपल्याकडे जमली कशी आणि कुठे बिनसली? बरंच वाचून काढलं, काही स्वतः पाहिलेलं आठवलं. ते सगळं आज लिहून ठेवते.

आपल्या देशातल्या शाळांत कॉम्प्युटर सरकारी रीतीने आला तो १९८४-८५ साली. 'क्लास' नावाचा प्रकल्प होता. सुमारे २५० शाळा निवडल्या होत्या आणि यंत्रं होती बीबीसी मायक्रो, म्हणजे इंग्लंडमधल्या एकॉर्न कंपनीची. स्मृती ३२ किलोबाईट. आज मोबाईलवर आलेला सुप्रभातचा एक फोटोसुद्धा त्यात मावणार नाही. यंत्र इंग्लंडचं, भाषा इंग्रजी. आमच्यासारख्या मराठी शाळांनी तेव्हा त्याबद्दल फक्त वर्तमानपत्रात वाचलं.

आमच्या शाळेत कॉम्प्युटर यायला नव्वदचं दशक अर्धं सरावं लागलं. देणगीतून चार यंत्रं आली. त्यांच्यासाठी खोली रंगवली, खिडक्यांना पडदे लावले, शाळेतला पहिला आणि एकमेव ए.सी. बसवला. मुख्याध्यापकांच्या खोलीतसुद्धा पंखाच होता हो! चपला बाहेर काढायच्या, रांगेत आत यायचं, यंत्रांवर प्लास्टिकची आवरणं. देवघरच जणू. आणि पुजारीण मी, कारण पाच दिवसांचं प्रशिक्षण घेऊन आलेली मी एकटीच होते. खोलीची किल्ली माझ्या पर्समध्ये असायची.

वर्गात साठ मुलं, यंत्रं चार, तास आठवड्याला एक. हिशेब तुम्हीच करा. म्हणून आम्ही काय करायचो, तर फळ्यावर शिकवायचो. संगणकाचा जनक कोण? चार्ल्स बॅबेज. इनपुट साधने कोणती? की-बोर्ड, माऊस. मुलं पाठ करायची आणि पेपरात लिहून पैकीच्या पैकी मार्क मिळवायची. पोहण्याची परीक्षा काठावर बसून दिल्यासारखं ते होतं.

त्यात आठवीतला एक मुलगा होता. वडील विठ्ठलवाडीच्या एस.टी. आगारात मेकॅनिक. घरात पाने-पकडींत वाढलेला, त्यामुळे हात स्वस्थ राहायचे नाहीत. एकदा माझी पाठ वळल्यावर त्याने प्लास्टिक बाजूला करून यंत्र सुरू केलं. मी वळून पाहिलं तर पडद्यावर काहीतरी अक्षरं उमटलेली आणि हा खुर्चीच्या कडेवर टेकून वाकून बघतोय. मी त्याच्या हातावर पट्टी मारली. "तुझ्या बापाने पाहिलाय का कॉम्प्युटर?" असंही म्हणाले. हे वाक्य लिहितानाही लाज वाटते, पण म्हणाले खरी. यंत्र बिघडलं तर संस्था मला विचारेल, ही एकच भीती मनात होती. मुलाला पडद्यावर काय दिसत होतं, ते मी विचारलंसुद्धा नाही.

गंमत अशी, की लहान मुलांनी यंत्राशी कसं वागावं ह्याचा विचार जगात त्याच्या कितीतरी आधी झाला होता. सेमूर पेपर्ट नावाचे गणितज्ञ होते. मूळचे दक्षिण आफ्रिकेचे, जिनिव्हाला पियाजेंबरोबर काम केलेले. आमच्या बी.एड.ला पियाजे होते, पण त्यांच्या ह्या सहकाऱ्याचं नाव कधी ऐकलं नव्हतं. पेपर्ट आणि सहकाऱ्यांनी १९६७ साली मुलांसाठी 'लोगो' ही संगणकाची भाषा केली. त्यात एक कासव असतं. पुढे जा, उजवीकडे वळ, असं सांगितलं की ते चालतं आणि मागे रेघ उमटते. चौकोन काढायचा तर कासवाला चौकोन शिकवावा लागतो. चुकलं तर मुलाने स्वतः उठून जमिनीवर तसं चालून बघायचं आणि कुठे चुकलं ते शोधायचं. मूल शिकवणारं, यंत्र शिकणारं. १९८० साली पेपर्टनी ह्यावर 'माइंडस्टॉर्म्स' हे पुस्तक लिहिलं. बीबीसी मायक्रोवरही लोगो चालत असे. आणि आम्ही त्यानंतर पंधरा वर्षांनी मुलांना की-बोर्डची व्याख्या लिहायला लावत होतो!

मग आलं १९९९ साल. दिल्लीत कालकाजीला एनआयआयटीच्या कचेरीला लागून झोपडवस्ती होती. तिथल्या सुगत मित्रांनी मधल्या भिंतीला भोक पाडून त्यात कॉम्प्युटर बसवला. शिकवायला कोणी नाही, चपला काढायला सांगणारी बाई नाही. रस्त्यावरची मुलं आली, खटपट करत बसली आणि एकमेकांना दाखवत दाखवत यंत्र वापरायला शिकली. नंतर असे कॉम्प्युटर आपल्या सिंधुदुर्गातल्या गावांतही बसवले गेले आणि तिथल्या मुलांवर अभ्यासही झाले. हे वाचलं तेव्हा माझी पट्टी मला आठवली. आपण नसतो तरच मुलं शिकतात की काय, असंही वाटून गेलं. मास्तरणीला ते झोंबणारच.

पण गोष्ट तिथे संपत नाही. मित्रांनी पुढे तामिळनाडूतल्या कालीकुप्पम गावात अवघड प्रयोग केला. तमिळ बोलणारी मुलं, यंत्रात जीवशास्त्राचा इंग्रजी मजकूर, शिक्षक कोणी नाही. मुलं आपापली थोडं शिकली, पण पास होण्याइतकं नाही. मग त्यांच्यासोबत एक मोठं माणूस ठेवलं. त्या माणसाला विषयातलं काही येत नव्हतं. काम एवढंच, मागे उभं राहून "अरे वा, हे कसं केलंस? पुन्हा दाखव बघू" म्हणायचं. मुलांचे गुण आणखी वर गेले. ह्या पद्धतीला मित्रांनी नाव दिलं आजीची पद्धत!

२००९ पासून इंग्लंडमधल्या आणि इतर ठिकाणच्या आज्या कॉम्प्युटरवरून भारतातल्या मुलांशी गप्पा मारू लागल्या. त्या कामाची धुरा पुण्याच्या सुनीता कुलकर्णींनी वाहिली. २०१३ साली मित्रांना टेड पारितोषिक मिळालं. त्यातून उभ्या राहिलेल्या सात केंद्रांपैकी एक आपल्या फलटणला, मॅक्सीन बर्नसन यांच्या प्रगत शिक्षण संस्थेत होतं. म्हणजे बघा, ज्या माणसाने माणूस वगळून सुरुवात केली, त्याला दहा वर्षांनी आजीच बोलवावी लागली. आणि इथे विठ्ठलवाडीत खरीखुरी आजी मुलाच्या हातात मोबाईल देऊन डोळे मिटून बसली आहे.

असो.

दुसरं उदाहरण बडोद्याचं. २००० साली गुजरात सरकारने तिथल्या म्युनिसिपालटीच्या १०० प्राथमिक शाळांना प्रत्येकी चार कॉम्प्युटर दिले. दोन वर्षांनी 'प्रथम' संस्थेने पाहणी केली, तर लहान मुलांसाठी त्यातले फारच थोडे वापरात. (आमच्याही शाळेला चारच मिळाले होते, तेव्हा हा आकडा वाचून मला हसूच आलं.) 'प्रथम'ने मग चौथीच्या मुलांना आठवड्याला दोन तास त्यावर बसवलं. एका यंत्रावर दोघं, गणिताचे खेळ, ज्याला जेवढं येतं तिथून सुरुवात, आणि सोबत मदतनीस. अभिजीत बॅनर्जी आणि एस्थर डफ्लो यांनी त्याचं मोजमाप केलं. ह्या दोघांना पुढे २०१९ साली अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. मुलांचं गणित चांगलंच सुधारलं होतं. भाषेत फरक पडला नाही. आणि उपक्रम थांबल्यावर वर्षभरात गणितातल्या सुधारणेचाही बराच भाग ओसरला. हे शेवटचंही सांगायला हवं, नाहीतर अर्धीच गोष्ट सांगितल्यासारखं होईल.

तिसरं उदाहरण आमच्याच रेल्वेलाइनीचं. विठ्ठलवाडीहून कर्जत लोकल पकडली की उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर, वांगणी, नेरळ करत आपण रायगड जिल्ह्यात शिरतो. तिकडे डोंगरात खैराट नावाचं छोटं गाव आहे. निकोलस निग्रोपोंटे यांनी २००५ साली 'प्रत्येक मुलामागे एक लॅपटॉप' अशी जागतिक मोहीम काढली होती, पेपर्टही त्यात होते. २००६ साली आपल्या केंद्रीय मनुष्यबळ मंत्रालयाने ती नाकारली. आधी वर्गखोल्या आणि शिक्षक हवेत, असं त्यांचं म्हणणं. तरी २००७ साली भारतातला पहिला प्रयोग झाला तो ह्या खैराटच्या शाळेत. एकशिक्षकी शाळा, चार इयत्ता एकत्र, वीस-बावीस मुलं, आणि प्रत्येकाला हिरवा-पांढरा लॅपटॉप. घरीसुद्धा न्यायचा!

चार इयत्ता एका खोलीत सांभाळणं म्हणजे काय, हे ज्याने केलंय त्यालाच ठाऊक. चौथीला भागाकार घालावा तर पहिलीची मुलं भिंतीला नाक लावून बसलेली. सुरुवातीच्या नोकरीत मी हे दोन वर्षं केलंय. अशा शाळेत गुरुजी एका इयत्तेशी बोलत असताना बाकीच्या मुलांच्या हाताला काम मिळालं, तर ते लाखमोलाचं असतं. पण ते काम कोणतं, हे ठरवायला आणि नंतर "दाखव बघू काय केलंस" म्हणायला गुरुजी लागतातच.

हे मी मनाने म्हणत नाही. हेच लॅपटॉप पेरू देशाने लाखोंनी वाटले. २०१२ साली तिथल्या ३१९ खेड्यांतल्या शाळांचा अभ्यास प्रसिद्ध झाला. मुलं कॉम्प्युटर भरपूर वापरत होती, कोड्यांसारख्या चाचण्यांत जरा पुढेही होती. पण गणित आणि भाषा? ज्यांना लॅपटॉप मिळाला नव्हता त्या मुलांइतकीच. यंत्र घरोघर पोचलं, त्याच्याबरोबर काय करायचं हे मात्र शिक्षकांपर्यंत पुरेसं पोचलं नाही.

ह्या सगळ्यात माझं स्वतःचं शिकणंही आहे. २००१ साली महाराष्ट्र नॉलेज कॉर्पोरेशन स्थापन झालं आणि पाठोपाठ एमएस-सीआयटीचे वर्ग गल्लोगल्ली निघाले. पन्नाशी उलटल्यावर मीही नाव घातलं. किल्ली सांभाळणाऱ्या बाईंना माऊस धरता येत नव्हता, हे तिथे उघड झालं. बाण पडद्याच्या बाहेरच पळायचा! शेजारी बसून शिकवायला माझीच एक जुनी विद्यार्थिनी होती. मी दहादा चुकले तरी तिने माझ्या हातातून माऊस काढून घेतला नाही. "बाई, तुम्हीच करा, मी बघते," म्हणायची. तिच्यामुळे आज मी हे मराठीत टाईप करू शकते.

मग २०२० चा मार्च. शाळा बंद. वीस-पंचवीस वर्षं ज्या यंत्राला आम्ही शाळेतली एक खोली दिली होती, तेच आता आख्खी शाळा झालं. माझ्याकडे कामाला येणाऱ्या बाईंच्या घरी एक फोन आणि मुलं दोन. दोघांचे तास एकाच वेळी. मोठ्याने ऐकायचं, धाकटीने रडायचं. त्या जुलैपासून सह्याद्री वाहिनीवर पहिली ते आठवीसाठी 'टिलीमिली' लागायला लागलं. ते मात्र मी त्या धाकटीला माझ्याकडे बसवून बघितलं. त्यातल्या गोष्टी घरातच करून बघायच्या असत. कार्यक्रम संपला की डाळ-तांदूळ, वाट्या, चमचे घेऊन आम्ही दोघी बसायचो. टीव्ही बंद झाल्यावरचा तो अर्धा तासच खरी शाळा असायची.

शाळा पुन्हा भरल्या, पण फोन घरातच राहिला. 'असर'च्या २०२४ च्या पाहणीत ग्रामीण भारतातल्या १४ ते १६ वर्षांच्या मुलांना विचारलं होतं. स्मार्टफोन वापरता येणारी ८२ टक्के. आधीच्या आठवड्यात त्यावर काही अभ्यासाचं केलेली ५७ टक्के आणि समाजमाध्यमं बघितलेली ७६ टक्के. वापरायला आता कोणी शिकवावं लागत नाही. माझी पुजारीणीची नोकरी कायमची गेली म्हणायची!

ही झाली मोठ्या मुलांची कथा. साडेतीन वर्षांच्या पोराचं काय? त्याविषयी वाचताना एक प्रयोग सापडला आणि मी पुस्तक मिटून बराच वेळ बसून राहिले. अमेरिकेत पॅट्रिशिया कूल यांनी २००३ साली प्रसिद्ध केलेला. नऊ महिन्यांची बाळं घेतली, ज्यांच्या घरी इंग्रजीच बोलतात. काही बाळांशी एक चिनी बोलणारी व्यक्ती समोर बसून खेळली, बोलली. काही बाळांना तेच बोलणं टीव्हीवर दाखवलं. समोर माणूस होता त्या बाळांना चिनी भाषेतले आवाज वेगळे ओळखता यायला लागले. टीव्हीवाल्या बाळांना काहीही नाही. शब्द तेच, आवाज तेच. बाळाने बघितलं की बघणारं, हसलं की हसणारं कोणी नव्हतं, एवढाच फरक. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ साली सांगितलं, की दोन वर्षांखालच्या मुलांना पडदा नकोच आणि दोन ते चारच्या मुलांना दिवसाला तासाभराहून जास्त नको. आमच्या घरात तो तास दुपारच्या जेवणापर्यंतच संपत होता.

आता माझ्या दोन चुका शेजारी ठेवून बघते. एकदा मी मुलाला यंत्राला हात लावू दिला नाही. एकदा यंत्र मुलाच्या हातात देऊन मोकळी झाले. दोन्ही उलट वाटतात. पण दोन्ही वेळा मी माझी सोय पाहिली आणि मुलाशेजारी बसायचं टाळलं. कालीकुप्पम, बडोदा, पेरू आणि माझा एमएस-सीआयटीचा वर्ग, सगळं मला एकच सांगतं. यंत्र चांगलं की वाईट हे नंतर. शेजारी कोण आहे, ते आधी बघा.

आणि हे शिकायला मला पेरूला जायची काय गरज होती? आपल्याच जिल्ह्यात (कोसबाड आता पालघरमध्ये गेलं, पण आमच्या वेळी ठाणेच) ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी हे करून दाखवलं होतं. १९४५ साली बोर्डीला, मग कोसबाडच्या टेकडीवर. मॉन्टेसरीची महागडी साधनं आदिवासी वाड्यांत कुठून आणणार? मग शंख-शिंपले, खडे, पानं, बिया हीच साधनं. मुलं गुरं घेऊन कुरणात गेली तर शाळा कुरणात. बी.ए.च्या सुट्टीत मी एकदा कोसबाडला गेले होते. मुलांच्या घोळक्यात मांडी घालून बसलेल्या ताई तेवढ्या आठवतात, साधनं कोणती होती ते आठवत नाही.

तो एस.टी. मेकॅनिकचा मुलगा? त्याचं उल्हासनगरात कॉम्प्युटर आणि मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. माझा कॉम्प्युटर तोच बघतो. दोन वर्षांपूर्वी धीर करून मी त्याला त्या पट्टीबद्दल बोलले. तो हसला. "बाई, पट्टी तर सगळ्यांनाच पडायची. माझ्या नाही लक्षात." मग स्क्रू पिळता पिळता म्हणाला, "पण त्या दिवशी त्या यंत्रावर माझं नाव लिहिलं होतं, ते आठवतंय." म्हणजे पडद्यावरची ती अक्षरं ही होती. तीसेक वर्षांनी कळलं, तेव्हाच विचारलं असतं तर!

तर मंडळी, सूनबाईंशी बोलून घरात एक नियम केलाय. जेवताना मोबाईल कोणाच्याच हातात नाही, माझ्याही नाही. पहिले तीन दिवस भयंकर गेले. ताट ढकललं, भोकाड पसरलं, शेजारच्या काकू विचारायला आल्या. चौथ्या दिवशी मी वाटीत मटाराच्या शेंगा आणून ठेवल्या आणि सोलत बसले. तो येऊन बसला. एक शेंग उघडली, दाणे मोजले, म्हणजे त्याच्या मताने मोजले. एक, दोन, पाच! मग एक दाणा माझ्या तोंडाजवळ आणून म्हणाला, "आजी, आ कर."

मोजले मी. तीन शब्द.

संध्याकाळी आम्ही दोघं कॉम्प्युटरही उघडतो, पंधरा मिनिटं, तो माझ्या मांडीवर. त्याला अक्षरं दाबायला आवडतात. काय उमटतं ते मी वाचून दाखवते, मग तो खदखदून हसतो. वरच्या मजकुरात कुठे उगाच चार 'ककककक' राहिले असतील तर समजून घ्या, ते त्याचे आहेत.